लॅमिनेशन करूनही लेबल का सुटते? टिकाऊ लेबले आणि ती बनविणाऱ्या कंपन्या

मूळ लेखन : धागाकर्ता

यंत्रांच्या सुट्या भागांवरचे जुने ग्रीस आणि तेल काढणारे एक द्रवरूप क्लीनर आम्ही लहान प्रमाणावर तयार करतो आणि अर्धा लिटरच्या पांढऱ्या एचडीपीई, म्हणजे जास्त घनतेच्या पॉलिएथिलीन प्लास्टिकच्या बाटलीत भरून विकतो. गेल्या दीड वर्षात या एकाच बाटलीच्या लेबलाची आम्हांला दोनदा छपाई करावी लागली, आणि दोन्ही लेबले लॅमिनेट केलेली असूनही टिकली नाहीत. या काळात जे पाहिले, विचारले आणि समजून घेतले ते एका ठिकाणी मांडावे आणि या क्षेत्रात काम करणाऱ्या सभासदांकडून त्यातल्या चुका दुरुस्त करून घ्याव्यात, म्हणून हा धागा काढत आहे.

पहिले लेबल क्रोमो, म्हणजे एका बाजूने गुळगुळीत लेप असलेल्या कागदावर छापलेले होते आणि त्यावर चकचकीत लॅमिनेशन होते. छपाई करून देणाऱ्यांनी "एकदा लॅमिनेशन केले की पाणी, तेल कशाचीच काळजी नाही" असे सांगितले होते आणि आम्ही त्यावर विसंबून राहिलो. दोन महिन्यांनी एका ग्राहकाने वापरातली बाटली परत पाठविली. ती भिंगाखाली धरून पाहिली तेव्हा वरची फिल्म पूर्ण शाबूत होती, तिच्यावर ओरखडासुद्धा नव्हता, आणि लेबलाच्या मधल्या भागातली शाई पहिल्या दिवसासारखी स्वच्छ होती. मात्र खालच्या कडेपासून चार-पाच मिलिमीटरपर्यंतचा कागद तेलाने भिजून अर्धपारदर्शक झाला होता. नखाने कड उचलताच फिल्म शाईसकट वर आली आणि कागदाचा भुसभुशीत थर बाटलीला चिकटून राहिला. बाटलीच्या तोंडावरून येणारा ओघळ गुळगुळीत फिल्मवरून घसरत खाली येत होता, खालच्या कडेशी थेंब होऊन थांबत होता आणि तिथून कागदात शिरत होता. द्रव डोळ्यांत गेल्यास काय करावे ही सूचना आम्ही नेमकी सर्वांत खालच्या ओळीत छापली होती, आणि तीच ओळ वाचता येत नव्हती. ही गोष्ट मला अजूनही बोचते, कारण लेबलाचे बाकी सौंदर्य गेले असते तरी चालले असते, पण ती ओळ जायला नको होती.

त्यातून समजले ते असे की लॅमिनेशन लेबलाच्या चेहऱ्याचे रक्षण करते. छपाईवर घासणे, पाणी, बोटांचा तेलकटपणा आणि सूर्यप्रकाश यांचा होणारा परिणाम ते अडविते किंवा कमी करते. पण लेबल डायने, म्हणजे धारदार साच्याने कापले जाते ते लॅमिनेशन झाल्यानंतर, त्यामुळे चारही कडांना कागद, गम आणि शाई यांचे थर उघडेच राहतात आणि लेबलाच्या पाठीशी काय घडते यावर वरच्या फिल्मचा काहीही ताबा नसतो.

दुसऱ्या वेळी आम्ही कागद सोडून बीओपीपी, म्हणजे ताणून बनविलेल्या पॉलिप्रॉपिलीन प्लास्टिकच्या फिल्मचे लेबल घेतले आणि त्यावर पुन्हा फिल्मचेच लॅमिनेशन करून घेतले. हे लेबल भिजले नाही, फाटले नाही आणि त्याची शाईही पुसली गेली नाही, पण तीन-चार आठवड्यांत त्याचे कोपरे उचलू लागले आणि काही बाटल्यांवर तर संपूर्ण उभी कड सरळ होऊन बाहेर आली. छपाईवाल्यांचे म्हणणे असे की बाटलीच खराब आहे, आणि बाटलीवाल्यांचे म्हणणे असे की गम हलका आहे. दोघांच्या मधे आमचा माल पडून राहिला.

माझे प्रश्न दोन आहेत. एक म्हणजे टिकाऊपणा ठरविताना लॅमिनेशनला नेमके किती महत्त्व द्यावे, आणि दुसरा म्हणजे लेबल बनविणाऱ्या कंपनीशी पहिल्यांदा बोलताना कोणत्या गोष्टी विचाराव्यात आणि कोणत्या आपणहून सांगाव्यात.

प्रतिसाद : मुद्रक

धागाकर्त्यांनी भिंगाखाली पाहून केलेले वर्णन अचूक आहे. आम्ही रोल स्वरूपातली लेबले छापतो आणि "लॅमिनेशन केले आहे ना, मग सुटले कसे?" हा प्रश्न आम्हांला वारंवार ऐकावा लागतो, म्हणून छपाईच्या बाजूने थोडे सविस्तर लिहितो.

लॅमिनेशन या एका शब्दाखाली तीन वेगवेगळ्या प्रक्रिया येतात आणि ग्राहकाने यांपैकी कोणती हे विचारायलाच हवे. पहिल्या प्रकारात आधीच गम लावलेली पातळ फिल्म छपाईवर रोलरने दाबून बसवितात. दुसऱ्या प्रकारात साध्या फिल्मला यंत्रावरच पातळ चिकटद्रव्य लावून ती छपाईवर बसवितात आणि अतिनील दिव्याखालून नेऊन ते चिकटद्रव्य पक्के करतात. लेबलांच्या रोल छपाईत हा प्रकार खूप चालतो, कारण त्यात फिल्मबरोबर येणारा रिलीज पेपर, म्हणजे गमाच्या मागचा सोलून टाकायचा कागद, वाया जात नाही. तिसरा प्रकार उष्णतेने वितळणाऱ्या थराचा, आणि तो पुठ्ठा व पुस्तकांच्या वेष्टनांसाठी जास्त वापरला जातो. स्वतःच चिकटणाऱ्या फिल्म लेबलांवर तो जपून वापरावा लागतो, कारण उष्णतेने खालची फिल्म आकसते. या तिन्हींहून वेगळे असते ते वार्निश, म्हणजे शाईवर दिलेला द्रवाचा थर. वार्निश स्वस्त पडते आणि सौम्य हाताळणीसाठी पुरतेही, पण द्रावकाच्या संपर्कात किंवा पेट्यांमध्ये बाटल्या एकमेकींवर घासत असताना ते फिल्मची बरोबरी करू शकत नाही.

दुसऱ्या लेबलाच्या बाबतीत मला प्रथम जाडीची शंका येते. लेबलाची बीओपीपी फिल्म साधारण ५० ते ६० मायक्रॉनची असते आणि वरच्या लॅमिनेशनची फिल्म १२ ते ३० मायक्रॉनची. दोन्ही एकत्र आल्या की लेबलाचा ताठपणा जाडीच्या प्रमाणात वाढत नाही, त्याहून कितीतरी जास्त वाढतो, कारण वाकण्याला होणारा विरोध जाडीच्या घनाप्रमाणे वाढतो. असे ताठ लेबल सपाट पृष्ठभागावर उत्तम बसते, पण लहान व्यासाच्या बाटलीवर ते प्रत्येक क्षणी पुन्हा सरळ होऊ पाहते. गमाला मग केवळ चिकटून राहायचे नसते, त्या ओढीशी अहोरात्र झुंजायचे असते. म्हणजे जे लॅमिनेशन छपाईला वाचविते, तेच वक्र बाटलीवर कड उचलायला कारण होऊ शकते.

दुसरी शंका ताणाची. लॅमिनेशन करताना वरची फिल्म खालच्या फिल्मपेक्षा जास्त ताणलेली असेल, तर ती नंतर सैल होऊन मूळ लांबीवर येते आणि लेबल वरच्या बाजूला वळते. ही खोड पकडणे सोपे आहे. एक लेबल रिलीज पेपरवरून सोडवावे, गमाच्या बाजूला थोडी टाल्कम पावडर लावून त्याचा चिकटपणा मारावा आणि ते टेबलावर एक दिवस मोकळे ठेवावे. ते वरच्या दिशेने नळीसारखे गुंडाळू लागले, तर बाटलीवरही ते हेच करू पाहणार. त्यात बाटलीचा किंवा गमाचा दोष नसून आमच्या यंत्रावरच्या ताणाचा असतो आणि मुद्रकाने तो मान्य करावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

डायविषयीही एक सूचना करतो. लॅमिनेट केलेले लेबल कापताना डायला दोन थर आणि गम कापून बरोबर रिलीज पेपरच्या पृष्ठभागावर थांबायचे असते. ती थोडी खोल गेली की रिलीज पेपरवरचा सिलिकॉनचा थर कापला जातो, तिथे गम अडकतो आणि लेबल लावण्याच्या यंत्रावर पेपर फाटत राहतो. रोल हाती आल्यावर चार-पाच लेबले सोडवून उघड्या पेपरवर मार्करची पातळ शाई फिरवावी. सिलिकॉन शाबूत असेल तर शाईचे थेंब होऊन ती मागे सरते, आणि डाय खोल गेली असेल तर लेबलाच्या आकाराची शाईची रेघ पेपरमध्ये मुरलेली दिसते. ही तपासणी करायला दोन मिनिटे पुरतात आणि कोणत्याही यंत्राची गरज लागत नाही.

प्रतिसाद : पृष्ठताण

मी चिकटद्रव्यांवर काम करतो. मुद्रकांनी लेबलाच्या वरच्या बाजूचे लिहिले आहे, मी खालच्या बाजूचे लिहितो, कारण माझ्या मते या धाग्यातल्या दुसऱ्या लेबलाचे मूळ दुखणे तिथेच आहे.

गम चिकटण्याआधी पृष्ठभागावर पसरावा लागतो, आणि तो किती पसरेल हे पृष्ठभागाच्या ऊर्जेवर अवलंबून असते. पॉलिएथिलीनची पृष्ठऊर्जा साधारण ३१ डाइन प्रति सेंटिमीटर आणि पॉलिप्रॉपिलीनची ३० च्या आसपास असते. पेटची, म्हणजे पाण्याच्या पारदर्शक बाटल्यांच्या प्लास्टिकची, सुमारे ४३ असते आणि स्वच्छ काचेची त्याहून कितीतरी जास्त. त्यामुळे जो गम काचेच्या बरणीवरून निघता निघत नाही, तोच एचडीपीई बाटलीवर पुरेसा पसरत नाही, त्याचा खरा संपर्क कमी जागी होतो आणि कडेला थोडा ताण येताच तो सुटतो. बाटलीवर ज्वालेची किंवा कोरोनाची, म्हणजे विजेच्या विसर्गाची, प्रक्रिया केली की ही ऊर्जा वाढते. ती किती वाढली हे पाहण्यासाठी ठरावीक पृष्ठताणाची चाचणी-शाई मिळते. ३८ क्रमांकाच्या शाईची रेघ बाटलीवर ओढली आणि ती दोन सेकंद अखंड राहिली, तर पृष्ठभाग लेबलासाठी बराच अनुकूल आहे असे समजावे. ती लगेच आकसून मण्यांसारखी तुटली, तर बाटली गमाला जवळ करणार नाही. प्रक्रियेचा हा परिणाम काळाबरोबर ओसरतो, म्हणून बाटल्यांचा साठा जुना असेल तर चाचणी पुन्हा करावी.

गमांचे ढोबळ तीन गट पडतात. रबरावर आधारलेले, वितळवून लावायचे गम एचडीपीईसारख्या अवघड पृष्ठभागाला चटकन धरतात, पण तेल आणि द्रावक लागले की मऊ होतात आणि कडेतून पाझरतात. पाण्यातील इमल्शन स्वरूपाचे ॲक्रिलिक गम सर्वसाधारण कामासाठी चांगले आणि वयाने टिकणारे असतात, पण कमी ऊर्जेच्या पृष्ठभागावर काहीसे कमी पडतात. द्रावकातून लावलेले ॲक्रिलिक गम रसायने, उष्णता आणि ओलावा यांच्यापुढे सर्वांत चांगले टिकतात आणि महागही असतात. धागाकर्त्यांचा द्रव ग्रीस विरघळविणारा आहे, म्हणजेच त्याला गमही विरघळविता येऊ शकतो. अशा वेळी "जोरदार पकड" एवढाच शब्द ऐकून रबराचा गम घेतला, तर पहिला आठवडा उत्तम जाईल आणि दुसऱ्या महिन्यात लेबल घसरू लागेल.

कंपनीच्या तपशीलपत्रावरचा पकडीचा आकडा वाचताना एक गोष्ट नीट पाहावी. युरोपातील लेबल उद्योगाची संघटना फिनाट हिने चाचण्यांच्या पद्धती ठरवून दिल्या आहेत. त्यांतल्या पहिल्या पद्धतीत लेबलाची पट्टी १८० अंशांत, मिनिटाला ३०० मिलिमीटर वेगाने ओढून काढतात, आणि ती चिकटविल्यानंतर २० मिनिटांनी व २४ तासांनी मोजणी करतात. ही मोजणी बहुधा काचेवर किंवा पोलादी पट्टीवर झालेली असते. तो आकडा खोटा नसतो, पण तो तुमच्या बाटलीचा नसतो. एचडीपीईवरचा आकडा मागावा, आणि तो नसेल तर आपल्या रिकाम्या बाटल्या त्यांच्याकडे पाठवून मोजून घ्यावा.

वेळेचाही विचार करावा. ॲक्रिलिक गमाची पूर्ण पकड बसायला २४ ते ७२ तास लागतात. लेबल लावल्यावर दहा मिनिटांनी ओढून पाहून निष्कर्ष काढणे जितके चुकीचे, तितकेच लेबल लावल्याबरोबर बाटली गरम किंवा ओल्या जागी ठेवणे चुकीचे आहे. तपशीलपत्रावर दोन तापमाने दिलेली असतात, एक लेबल लावतानाचे किमान आणि दुसरे नंतर सहन होण्याच्या मर्यादांचे. पुष्कळ लोक दुसरे वाचून पहिले विसरतात. एखादे लेबल उणे वीस अंशांत टिकत असले, तरी ते थंडगार बाटलीवर लावता येईलच असे नाही.

धागाकर्त्यांना एक प्रश्न आहे. तुमच्या द्रवात खनिज तेलापासून काढलेला द्रावक आहे का? असल्यास तो एचडीपीईच्या भिंतीतून हळूहळू बाहेर झिरपू शकतो. मग लेबलावर हल्ला बाहेरून होत नाही, बाटलीच्या आतून होतो, आणि वर कितीही जाड लॅमिनेशन असले तरी त्याचा उपयोग होत नाही. उलट वरची फिल्म झिरपलेल्या वाफेला कोंडून ठेवते आणि लेबलाखाली फुगे येतात. यावर बाटलीच्या पृष्ठभागावर फ्लोरीनची प्रक्रिया करून घेणे हा रुळलेला उपाय आहे.

प्रतिसाद : नवा सभासद

अतिशय उपयुक्त चर्चा. माझा प्रश्न कंपन्यांविषयी आहे. चौकशी केली की मोठमोठी नावे ऐकू येतात, पण त्यांतली कोण लेबल छापते, कोण नुसता कागद किंवा फिल्म बनविते आणि कोण यंत्रे बनविते, हे बाहेरच्या माणसाला कळत नाही. लहान उद्योगाने कोणाशी बोलावे?

प्रतिसाद : मुद्रक

हा गोंधळ स्वाभाविक आहे. या उद्योगात तीन पायऱ्या आहेत आणि त्यांची नावे एकमेकांत मिसळतात.

पहिल्या पायरीवर कच्चे साहित्य बनविणाऱ्या कंपन्या असतात. वरचा कागद किंवा फिल्म, गम, सिलिकॉन आणि रिलीज पेपर एकत्र करून मोठमोठे रोल तयार करणे हे त्यांचे काम. अमेरिकेची ॲव्हरी डेनिसन, फिनलंडच्या यूपीएमचा रॅफ्लाटॅक व्यवसाय, जपानची लिंटेक आणि जर्मनीची हर्मा ही यांतली प्रमुख नावे आहेत. आज ज्याला आपण सहजपणे स्टिकर म्हणतो, त्या डायने कापलेल्या आणि स्वतः चिकटणाऱ्या लेबलाचा व्यवसाय आर. स्टँटन ॲव्हरी यांनी १९३५ साली लॉस एंजेलिसमध्ये सुरू केला. त्यांची कंपनी १९९० साली डेनिसन कंपनीशी एकत्र आली आणि आजचे नाव पडले. हर्माचे वैशिष्ट्य असे की ती साहित्यही बनविते, तयार लेबलेही बनविते आणि लेबल लावण्याची यंत्रेही बनविते.

दुसऱ्या पायरीवर आमच्यासारखे छपाई आणि कापणी करणारे असतात. यांत अगदी एका यंत्राच्या कारखान्यापासून कॅनडाच्या सीसीएल इंडस्ट्रीजसारख्या, अनेक देशांत कारखाने असलेल्या कंपनीपर्यंत सगळे येतात. अमेरिकेची मल्टी-कलर कॉर्पोरेशन आणि जर्मनीची ऑलफोरलेबल्स हीही याच पायरीवरची मोठी नावे. सीसीएलने २०१३ साली ॲव्हरी डेनिसनचा कार्यालयीन आणि घरगुती लेबलांचा व्यवसाय विकत घेतला, त्यामुळे दुकानात मिळणाऱ्या लेबलांच्या शीटवरचे ॲव्हरी हे नाव आणि रोलच्या साहित्यावरचे ॲव्हरी डेनिसन हे नाव आता दोन वेगळ्या कंपन्यांचे आहे. चौकशी करताना ही गोष्ट लक्षात ठेवली की बराच पत्रव्यवहार वाचतो.

तिसरी पायरी यंत्रांची. अमेरिकेची मार्क अँडी, डेन्मार्कची निलपीटर, स्वित्झर्लंडच्या गॅलस आणि बॉब्स्ट, आणि डिजिटल छपाईत एचपी इंडिगो. ग्राहकाला यांच्याशी थेट काम पडत नाही, पण आपला मुद्रक शाईचा कोणता प्रकार वापरतो हे विचारण्यापुरती माहिती असावी, कारण लॅमिनेशनचे चिकटद्रव्य प्रत्येक शाईला सारखेच धरत नाही.

लहान उद्योगाने दुसऱ्या पायरीवरच्या, आपल्याला फोनवर उत्तर देणाऱ्या मुद्रकाशी बोलावे, पण त्याच्याकडून पहिल्या पायरीवरच्या साहित्याचा पूर्ण क्रमांक आणि तपशीलपत्र लेखी घ्यावे. कंपनीच्या नावाने काहीच ठरत नाही. एकाच कंपनीच्या यादीत काही दिवसांत सहज निघणारा गमही असतो आणि ड्रमवर वर्षानुवर्षे टिकणारा गमही असतो. तो क्रमांक हाती असला की पुढच्या वेळी दुसऱ्या मुद्रकाकडे गेलात तरी तेच साहित्य मागता येते.

प्रतिसाद : पृष्ठताण

मुद्रकांच्या मुद्द्याला जोडून प्रमाणपत्रांविषयी लिहितो. धोकादायक रसायनांच्या ड्रमवरील लेबलांसाठी बीएस ५६०९ हे ब्रिटिश प्रमाणक वापरले जाते. समुद्रमार्गे जाणाऱ्या अशा मालाच्या खुणा समुद्राच्या पाण्यात किमान तीन महिने बुडूनही ओळखता आल्या पाहिजेत, असा आंतरराष्ट्रीय नियम आहे आणि हे प्रमाणक त्यासाठीच आहे. त्याच्या दुसऱ्या भागात कोऱ्या साहित्याची चाचणी होते आणि तिसऱ्या भागात त्यावरच्या छपाईची. "आमचे लेबल बीएस ५६०९ चे आहे" असे कोणी सांगितले, तर कोणत्या भागाचे, आणि तिसऱ्या भागाचे असल्यास कोणत्या शाईसह, असे विचारावे. कोरी फिल्म समुद्रात टिकली तरी तिच्यावरची अक्षरे टिकतीलच असे नाही. विद्युत उपकरणांवरच्या लेबलांसाठी यूएल ९६९ हे प्रमाणकही असेच साहित्य, छपाई आणि पृष्ठभाग यांच्या जोडीला दिले जाते.

उन्हाबद्दल थोडेच. शाईचे उन्हातले टिकणे १ ते ८ अशा निळ्या लोकरीच्या मापाने मोजतात, त्यात ८ सर्वांत टिकाऊ. पिवळी आणि मॅजेंटा शाई आधी उडते, काळी आणि निळी उशिरा. अतिनील किरण शोषणारी लॅमिनेशन फिल्म मिळते आणि ती उपयोगी पडते, पण इशाऱ्याचा मजकूर फक्त लाल रंगात छापण्यापेक्षा काळ्या अक्षरांत छापणे ही त्याहून मोठी खबरदारी आहे.

प्रतिसाद : पुनर्चक्र

मी प्लास्टिकच्या पुनर्वापराच्या कामात आहे. टिकाऊ लेबल हवे हे मान्य, पण बाटली रिकामी झाल्यावर तेच लेबल आमच्याकडे येते, म्हणून त्या बाजूचाही विचार साहित्य निवडताना व्हावा असे मला मनापासून वाटते.

एचडीपीई बाटलीवरचे लॅमिनेट केलेले कागदी लेबल आमच्यासाठी सर्वांत त्रासाचे. धुताना कागदाचा लगदा होतो, त्यातले तंतू प्लास्टिकच्या चुऱ्यात राहतात आणि पुढे नव्या बाटलीच्या भिंतीत खडे आणि छिद्रे म्हणून दिसतात. वरची फिल्म असल्याने पाणी कागदापर्यंत उशिरा पोहोचते आणि तो पूर्ण सुटतही नाही. पॉलिप्रॉपिलीनचे लेबल बाटलीबरोबर पाण्यावर तरंगते, कारण दोघांचीही घनता पाण्याहून कमी आहे, त्यामुळे ते वेगळे काढता येत नाही. थोड्या प्रमाणात ते चालते. पॉलिएथिलीनच्या बाटलीवर पॉलिएथिलीनचेच लेबल आणि शक्य असल्यास तशीच लॅमिनेशन फिल्म असेल, तर वेगळे करण्याची गरजच उरत नाही. पेटच्या बाटलीचे गणित याच्या उलट आहे. पेटची घनता १.३८ आणि पॉलिप्रॉपिलीनची ०.९ असल्याने पेट बुडते आणि लेबल तरंगते, मात्र त्यासाठी गरम अल्कलीच्या पाण्यात सुटणारा गम हवा. पेटच्या बाटलीवर पीव्हीसीचे, म्हणजे व्हिनाइलचे लेबल कृपया लावू नये. त्याची घनता पेटच्या इतकी जवळ असते की पाण्यात दोन्ही एकत्र बुडतात, आणि पेट वितळविण्याच्या तापमानाला पीव्हीसी जळून सगळा माल पिवळा पडतो.

प्रतिसाद : मुद्रक

पुनर्चक्र यांनी सुचविलेले पॉलिएथिलीनचे लेबल धागाकर्त्यांच्या दुसऱ्या अडचणीलाही लागू पडते. पॉलिएथिलीनची फिल्म मऊ असते, बाटली दाबली की तिच्याबरोबर दबते आणि वक्रतेला विरोध करत नाही. आमच्या दृष्टीने ती कापायला आणि यंत्रावर सोडवायला बीओपीपीपेक्षा अवघड जाते, म्हणून काही मुद्रक ती आपणहून सुचवीत नाहीत. ग्राहकाने मागितली तर मात्र नाकारण्याचे कारण नाही.

प्रतिसाद : धागाकर्ता

सर्वांचे मनःपूर्वक आभार. वरचे प्रतिसाद वाचून आम्ही काय केले ते सविस्तर लिहितो, कारण अशा धाग्यांत प्रश्न राहतात आणि पुढे काय झाले ते कळत नाही.

पृष्ठताण यांच्या प्रश्नाचे उत्तर होय असे आहे. आमच्या द्रवात तसा द्रावक आहे. आम्ही भरलेल्या आणि घट्ट बंद केलेल्या सहा बाटल्या तराजूवर तोलून गरम खोलीत ठेवल्या, आणि महिन्याभराने सहाही बाटल्यांचे वजन थोडे घटले होते. झाकण गळत नव्हते. दोन बाटल्यांची भिंत आत ओढली जाऊन खळगा पडला होता. दीड वर्ष आम्ही लेबलाला दोष देत होतो आणि द्रव भिंतीतून बाहेर येत होता. आता बाटल्या फ्लोरीन प्रक्रिया केलेल्या घेत आहोत. चाचणी-शाईची रेघ पूर्वीच्या बाटलीवर लगेच मण्यांसारखी तुटायची, ती या बाटलीवर अखंड राहते.

लेबलासाठी पांढरी पॉलिएथिलीन फिल्म, द्रावकातून लावलेला ॲक्रिलिक गम आणि पातळ मॅट लॅमिनेशन घेतले. मॅट घेण्याचे कारण बारकोड. चकचकीत फिल्मवर वाचनयंत्राचा प्रकाश परावर्तित होऊन काही बाटल्या दोन-तीनदा फिरवाव्या लागत होत्या, ते आता थांबले आहे. कोपरे काटकोनात होते, ते तीन मिलिमीटर त्रिज्येचे गोल केले. काटकोनी कोपऱ्यात सगळा ताण एका टोकावर येतो आणि उचलायला सुरुवात तिथूनच होते, हे जुन्या बाटल्यांवर स्पष्ट दिसत होते. डोळ्यांविषयीची सूचना खालच्या कडेवरून काढून मध्यभागी, काळ्या अक्षरांत घेतली, आणि कडेपासून सहा मिलिमीटरपर्यंत कोणताही आवश्यक मजकूर ठेवला नाही. बाटल्या साच्यातून निघाल्यावर दोन दिवस तशाच ठेवून मगच लेबल लावतो, कारण ताजी एचडीपीई बाटली थंड होताना आकसत राहते आणि त्यावर लगेच लावलेल्या लेबलाला सुरकुत्या पडतात.

छपाईचा पूर्ण जॉब देण्याआधी मुद्रकाकडून तीन वेगवेगळ्या साहित्यांची कोरी लेबले त्याच डायने कापून घेतली आणि प्रत्येकी बारा बाटल्यांवर लावली. तीन दिवस पकड बसू दिली. त्यानंतर रोज सकाळी प्रत्येक बाटलीच्या तोंडावरून द्रवाचा ओघळ सोडला, तो तसाच वाळू दिला आणि आठवड्यातून एकदा बाटली हाताने पन्नास वेळा दाबली. सहा आठवड्यांनी रबराच्या गमाच्या लेबलांची खालची कड बोटाने सरकत होती. इमल्शन ॲक्रिलिकची काही लेबले कोपऱ्यांत उचलली होती. द्रावकाच्या ॲक्रिलिकची बारांपैकी अकरा लेबले जागची हलली नाहीत.

बारावे लेबल एका उभ्या रेषेवर सुटले. भिंगाखाली पाहिल्यावर तिथे साच्याच्या दोन अर्ध्या भागांची शिवण लेबलाच्या उभ्या कडेखालून जात असल्याचे दिसले. शिवण हाताला जेमतेम जाणवते, पण तिच्या दोन्ही अंगांना लेबल बाटलीला टेकत नाही, बारीक नळीसारखी पोकळी राहते, आणि ओघळ त्या पोकळीतून वरपासून खालपर्यंत गेला होता. लेबल लावणाऱ्या यंत्राचे सेन्सर चार मिलिमीटर सरकवून लेबलाची कड आता शिवणीच्या अलीकडे थांबविली आहे. नव्या बाटल्यांचा पहिला साठा गेल्या आठवड्यात बाहेर पडला. त्यातल्या दहा बाटल्या तारीख घालून खिडकीजवळच्या फळीवर ठेवल्या आहेत आणि दर महिन्याला त्यांच्या कडा भिंगाखाली पाहून इथे नोंद करीन.